मायक्रोबिटचा नंदीबैल: हलवलं की उत्तर देणारं खेळणं वर्गात कसं करावं

सातारा तालुक्यातल्या एका जिल्हा परिषद शाळेच्या शिक्षिकेनं विचारलं आहे: “शाळेला पाच मायक्रोबिट, म्हणजे मुलांना प्रोग्रॅमिंग शिकवायचे छोटे बोर्ड, मिळाले आहेत. सातवीच्या मुलांना हलवलं की भविष्य सांगणारं खेळणं करायचं आहे. तीन अडचणी आहेत. पडद्यावर मराठी अक्षरं येत नाहीत. हलवलं तरी कधी कधी तेच उत्तर दिसतं, मुलं म्हणतात बोर्ड अडकला. आणि दोन पालक म्हणाले, साताऱ्यासारख्या ठिकाणी शाळेतच भविष्य शिकवणार का? मग हे करावं की सोडून द्यावं?”

मॅडम, करावं. सोडून तर अजिबात देऊ नका. तुमच्या तिसऱ्या अडचणीमुळेच हे खेळणं साताऱ्यातल्या शाळेत व्हायला हवं असं माझं मत आहे. तिकडे शेवटी येतो, कारण आधी बोर्ड चालला पाहिजे. गेली बरीच वर्षं मी जिल्ह्यातल्या शाळांमधून इलेक्ट्रॉनिक्सच्या कार्यशाळा घेतो. हे एकच खेळणं वेगवेगळ्या बोर्डांवर मुलांकडून इतक्या वेळा करून घेतलं आहे की कुठं काय अडतं ते आता पाठ झालं आहे.

आधी मराठी अक्षरांचं. मायक्रोबिटचा पडदा म्हणजे पाच ओळी आणि पाच उभ्या रांगा, एकूण २५ दिवे. त्याच्या पोटात फक्त रोमन अक्षरं आणि आकडे आहेत. देवनागरी त्यात नाही, आणि बळंच घालूनही उपयोग नाही, कारण शिरोरेषेतच वरची ओळ संपते. उरलेल्या चार ओळींत ‘ह’ काढला तर तो ‘ह’ आहे हे काढणाऱ्यालाच कळतं. काही शिक्षक रोमन अक्षरांत मराठी शब्द सरकवतात. ते चालतं, पण ‘कदाचित’ हा शब्द एकेक अक्षर करत पडद्यावरून जाईपर्यंत पोरं पुढचा प्रश्न विचारून मोकळी होतात.

म्हणून शब्दांचा नाद सोडा आणि चित्र घ्या. आपल्याकडं हो-नाही सांगणारं चित्र पिढ्यान् पिढ्या दारात येत आलं आहे. नंदीबैल! पाऊस पडेल का म्हटलं की मान वरखाली करणारा. तुमच्या शाळेतल्या कितीतरी मुलांनी तो पाहिला असेल, नसेल पाहिला तर आजीनं सांगितला असेल. मग आपलं खेळणं म्हणजे मायक्रोबिटचा नंदीबैल. हलवला की मान वरखाली झाली तर हो, डावीउजवीकडं झाली तर नाही, आणि डोळे मिटले तर आज नंदी बोलत नाही. मराठी, इंग्रजी कुठलंच अक्षर लागत नाही. पहिलीतलं पोरगंही उत्तर वाचतं.

त्याचं तोंड मी असं काढतो. भरलेला गोल म्हणजे पेटलेला दिवा.

● ○ ○ ○ ●
● ● ● ● ●
● ○ ● ○ ●
○ ● ● ● ○
○ ○ ● ○ ○

वरचे दोन कोपरे शिंगं, मधल्या ओळीतली दोन विझलेली घरं डोळे, खाली निमुळतं तोंड. मान खाली घालायची तर सगळं चित्र एक ओळ खाली सरकवा:

○ ○ ○ ○ ○
● ○ ○ ○ ●
● ● ● ● ●
● ○ ● ○ ●
○ ● ● ● ○

ही दोन चित्रं आलटून पालटून दोनदा दाखवली की नंदी ‘हो’ म्हणाला. ‘नाही’साठी तेच तोंड एक घर डावीकडं आणि एक घर उजवीकडं सरकवा. डोळे मिटायचे तर तिसऱ्या ओळीतले सगळे पाच दिवे पेटवा. ही चित्रं मुलांना आधी चौकटीच्या वहीत काढू द्या आणि त्यावर एक अख्खा तास घालवा. सरकवताना कुठली रांग पडद्याबाहेर जाते आणि कुठली रिकामी येते, हे वहीत कळलं की पुढं संगणकासमोर गोंधळ होत नाही. मेककोडमध्ये, म्हणजे ब्लॉक जोडून मायक्रोबिटचा प्रोग्रॅम करायच्या संकेतस्थळावर, ‘शो लेड्स’ हा ब्लॉक घेऊन घरं टिचकीनं पेटवायची. प्रत्येक चित्र तो आपोआप ४०० मिलिसेकंद धरून ठेवतो, म्हणजे चार चित्रांत मान दोनदा हलून दीड सेकंदाच्या आसपास वेळ होतो. डोळ्यांना हाच वेग बरा वाटतो. ब्लॉकऐवजी मायक्रोपायथॉन, म्हणजे छोट्या बोर्डांवर चालणारी पायथॉन ही लिहायची भाषा, वापरत असाल तर चित्र सरकवायची आज्ञा तयारच मिळते, प्रत्येक चित्र नव्यानं काढावं लागत नाही.

आता “बोर्ड अडकला”. तुमचा बोर्ड अडकत नाही, मॅडम. लागोपाठ दोनदा तेच उत्तर येणं हे यादृच्छिक खेळात ठरलेलंच असतं. तीनच उत्तरं असतील आणि तिन्हींना सारखी संधी असेल, तर दर तीन वेळांत सरासरी एकदा मागचंच उत्तर परत येणार. उत्तर म्हणून एकच स्थिर चित्र दाखवलं, तर दुसऱ्यांदा तेच आल्यावर पडद्यावर काहीच हलत नाही, म्हणून मुलाला वाटतं की बोर्ड मेला. उपाय सोपा. हलवल्या हलवल्या पडदा कोरा करा, मग सेकंदभर ‘नंदी विचार करतोय’ असं काहीतरी दाखवा, मगच उत्तर. मी मधला एक दिवा लहान-मोठ्या उजेडानं धडधडवतो. मुलं तेवढ्या वेळात श्वास रोखून बघतात. तुमचे बोर्ड नव्या जातीचे असतील, म्हणजे पुढच्या बाजूला सोनेरी रंगाचं बोट लावायचं चिन्ह असेल, तर त्यात छोटा स्पीकर आहे. ही जात २०२० च्या अखेरीस आली. त्यावर गुबुगुबु वाजवता येतं. दोन खालचे स्वर आलटून पालटून पटापट वाजवा. फार खालचे घेऊ नका, इतक्या लहान स्पीकरमधून ते ऐकूच येत नाहीत. २०० ते ३०० हर्ट्झच्या दरम्यान बरं वाजतं.

पायथॉन वापरणाऱ्यांसाठी एक बारीक गोष्ट. नंदी मान हलवत असताना पोरानं पुन्हा हलवलं तर कधी कधी बोर्ड ते लक्षात ठेवतो आणि उत्तर संपताच न विचारता दुसरं उत्तर देतो. म्हणून उत्तर दाखवून झालं की ‘हलवलं होतं का’ हे एकदा विचारून टाकायचं आणि आलेलं उत्तर फेकून द्यायचं. पाटी कोरी होते.

आता खेळण्याच्या गाभ्याकडं येऊ. हो म्हणायचं की नाही, हे ठरवतं कोण?

अमेरिकेत साधारण १९५० पासून एक काळा चेंडू विकला जातो, मॅजिक एट बॉल. त्याच्या आत निळ्या द्रवात २० बाजूंचा फासा तरंगतो. चेंडू उलटा केला की फाशाची एक बाजू काचेला येऊन टेकते, त्यावर छापलेलं वाक्य म्हणजे उत्तर. २० पैकी १० वाक्यं होकाराची, ५ नकाराची, ५ ‘आता सांगता येत नाही’ छापाची. ही वाटणी हुशारीची आहे. निम्म्या वेळा होकार मिळतो, म्हणून माणूस पुन्हा विचारतो. आपणही तीच वाटणी घेऊ. हलवलं की १ ते २० मधला एक आकडा काढायचा. १० किंवा कमी आला तर हो. नाहीतर १५ किंवा कमी आला तर नाही. नाहीतर डोळे मिटायचे.

इथं एक चूक होते. मी पाहिलेल्या जवळजवळ प्रत्येक वर्गात ती झाली आहे, आणि ती दिसत नाही म्हणून तिच्यावर जरा रेंगाळतो. मूल ‘इफ’च्या (जर) पहिल्या भोकात ‘पिक रँडम १ ते २०’ हा ब्लॉक टाकतं. मग ‘एल्स इफ’च्या (नाहीतर जर) भोकातही तोच ब्लॉक पुन्हा टाकतं. खेळणं झकास चालतं. तिन्ही उत्तरं येतात, कुठं लाल रेघ नाही, कुणाची तक्रार नाही. पण आकडा दोनदा काढला गेला! पहिल्या प्रश्नाला एक आकडा, दुसऱ्याला भलताच नवा. मग हिशोब असा होतो: हो निम्म्या वेळा, ते बरोबर. उरलेल्या निम्म्यात नव्या आकड्याचा १५ पर्यंतचा भाग म्हणजे पाऊण. म्हणून ‘नाही’ २५ ऐवजी साडेसदतीस टक्के वेळा येतं आणि डोळे मिटणं २५ वरून साडेबारा टक्क्यांवर उतरतं. २०० वेळा हलवलं तर डोळे ५० वेळा मिटायला हवेत, मिटतात २५ च्या आसपास.

हे सांगून टाकू नका. मुलांना मोजू द्या. दोन गट करा. एका गटाच्या बोर्डात आकडा आधी एका ‘आकडा’ नावाच्या व्हेरिएबलमध्ये, म्हणजे नाव दिलेल्या साठवणीच्या डब्यात, ठेवून मग दोन्ही प्रश्न त्यालाच विचारलेले असू देत, दुसऱ्या गटाच्या बोर्डात चुकलेला प्रोग्रॅम. दोन्ही गटांनी २०० वेळा हलवून फळ्यावर चार उभ्या रेघा आणि पाचवी आडवी मारत नोंद करायची. कागद समोर आला की मुलं स्वतःच विचारतात, यांचा नंदी डोळे का मिटत नाही? व्हेरिएबल कशाला लागतो हे मी दहा वेळा समजावून जे झालं नाही, ते या एका नोंदीनं होतं. चालणारा प्रोग्रॅम आणि बरोबर प्रोग्रॅम या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे सातवीत हाताला लागलं तर पुढं फार कामाला येतं.

मुलांना चित्रांऐवजी उत्तरांची यादी करायची हौस असेल तर एवढंच सांगा की यादीची मोजणी शून्यापासून सुरू होते. पाच उत्तरं असतील तर आकडा ० ते ४ काढायचा. ० ते ५ काढला की सहापैकी एकदा यादीबाहेरचं घर मागितलं जातं. पायथॉनमध्ये तेव्हा पडद्यावरून चुकीचा निरोप आणि ओळीचा क्रमांक सरकत जातो.

आकडा खरंच कसाही येतो का, हेही मुलं विचारतात, आणि विचारायला हवं. मायक्रोबिटच्या चिपमध्ये यासाठी वेगळा भाग आहे. उष्णतेमुळे विजेत जी बारीक खळबळ सतत चालू असते तिच्यातून तो आकडे उचलतो. पण सगळ्या बोर्डांचं असं नसतं. मायक्रोबिट हातात येण्याआधी मी हेच खेळणं आर्डुइनो उनो या दुसऱ्या एका बोर्डावर करून एका शाळेच्या विज्ञान प्रदर्शनात ठेवलं होतं. दिवसभर गर्दी होती. संध्याकाळी सहावीतला एक मुलगा माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाला, “सर, तुम्ही वायर काढून परत लावली की हा पहिल्यांदा कायम तेच म्हणतो. दुसऱ्यांदा काय म्हणणार तेपण मला ठावं हाय.” त्यानं सलग चार उत्तरं आधी सांगून दाखवली. चारही बरोबर! त्या दिवशी प्रदर्शनात भविष्य खरंच सांगू शकणारा तो एकटाच होता.

झालं होतं असं. आर्डुइनोला सुरुवातीचा आकडा, ज्याला बीज म्हणू, दिला नाही तर तो दर वेळी त्याच जागेवरून सुरू होतो आणि तीच माळ ओढत जातो. माळ लांबलचक असते, म्हणून कुणाच्या लक्षात येत नाही, पण असते ठरलेली. बरेच जण बीज म्हणून मोकळ्या सोडलेल्या अॅनालॉग पिनेवरचा आकडा घेतात. तो ० ते १०२३ मधलाच असतो आणि एका जागी ठेवलेल्या बोर्डावर त्यातही थोडेच आकडे फिरून फिरून येतात. मी आता वेगळं करतो. बोर्ड चालू झाल्यापासून मुलानं पहिल्यांदा बटण दाबेपर्यंत किती मायक्रोसेकंद गेले, तो आकडा बीज म्हणून घेतो. कुणाचाही हात दोनदा नेमक्या त्याच मायक्रोसेकंदाला पडत नाही.

त्या मुलानं पकडलेली चूक मी आता मुद्दाम वर्गात करून दाखवतो. एकाच जातीचे दोन मायक्रोबिट घ्या, पायथॉनमध्ये दोन्हींना एकच बीज द्या, समजा ७, आणि दोन मुलांच्या हातात द्या. एकानं विचारायचं ‘आज डब्यात भाजी आहे का’, दुसऱ्यानं ‘मी कबड्डीच्या संघात येईन का’. दोघांनी एकदम हलवायचं. दोन्ही नंदी एकसारखी मान हलवतात. पुन्हा हलवा, पुन्हा एकसारखी. वर्ग गप्प होतो. मग कुणीतरी म्हणतंच, “म्हणजे ह्यानं प्रश्न ऐकलाच नाही!” हे वाक्य मुलांच्या तोंडून यावं म्हणून मी हा सगळा तास मांडतो.

पालकांच्या प्रश्नाचं उत्तरही इथंच आहे. डॉ. नरेंद्र दाभोलकर साताऱ्याचे. १९८९ मध्ये त्यांनी महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समिती सुरू केली आणि २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात त्यांची हत्या झाली. त्यांच्या गावच्या शाळेत भविष्याचं खेळणं, हे ऐकून पालकांना खटकलं, यात मला त्यांची जाण दिसते. त्यांना टाळू नका. त्यांना हेही सांगा की खुद्द डॉ. दाभोलकर एका अशाच मोजणीत सहभागी होते. खगोलशास्त्रज्ञ डॉ. जयंत नारळीकर यांनी त्यांच्यासह आणखी दोघांना बरोबर घेऊन महाराष्ट्रात ज्योतिषाची चाचणी केली. तिचा निष्कर्ष २००९ मध्ये ‘करंट सायन्स’मध्ये छापून आला. २०० मुलांच्या कुंडल्या जमवल्या होत्या, १०० हुशार विद्यार्थ्यांच्या आणि १०० मतिमंद मुलांच्या. प्रत्येक ज्योतिषाला त्यातल्या ४० दिल्या आणि कुठली कोणाची ते ओळखायला सांगितलं. २७ जणांनी उत्तरं परत पाठवली. सरासरी ४६ टक्के बरोबर आली. नाणं उडवून सांगितलं असतं तर ५० टक्क्यांच्या जवळपास आली असती.

ही चाचणी तुमचा वर्ग नंदीबैलावर एका तासात करू शकतो. डोळे मिटणं काढून टाका, फक्त हो आणि नाही ठेवा, दोन्हींना निम्मी संधी. मुलांना ४० प्रश्न काढू द्या, ज्यांचं खरं उत्तर सगळ्यांना माहीत आहे. अजिंक्यतारा साताऱ्यात आहे का? कृष्णा नदी महाबळेश्वरला उगम पावते का? सहा सत्ते अठ्ठेचाळीस होतात का? नंदीला विचारा आणि बरोबर-चूक मांडा. २० च्या आसपास बरोबर येतील. बहुतेक वेळा १४ ते २६ च्या मधे आकडा पडतो. प्रश्न सोपे असोत, अवघड असोत, सगळ्यांचं उत्तर ‘हो’ असो, फरक पडत नाही. तुमच्या वर्गाचा आकडा आणि ज्योतिषांचा ४६ टक्क्यांचा आकडा शेजारी शेजारी फळ्यावर लिहा. त्यावर भाषण करू नका. मुलांना बोलू द्या.

आणखी एक खेळ आहे, आणि खरं सांगायचं तर मला तो या सगळ्याहून जास्त आवडतो. वर्गात ३२ मुलं आहेत असं धरा. सगळ्यांना उभं करा. आधीच्या वाटणीचा नंदी घ्या, ज्यात हो निम्म्या वेळा येतं. पाच बोर्ड फिरवत प्रत्येकानं एकदा हलवायचं. ‘हो’ आलं तो उभा राहील, बाकीचे खाली बसतील. साधारण १६ उरतात. पुन्हा हलवा, आठेक. पुन्हा, चारेक. मग दोन, मग एखादं मूल. सलग पाच वेळा ‘हो’! वर्ग ओरडतो, हिला नंदी प्रसन्न आहे. त्या मुलीला विचारा, तू काय केलंस? ती म्हणेल, काही नाही. मग बसलेल्या ३१ जणांकडं बोट दाखवा आणि विचारा, हिची गोष्ट गावभर होईल, तुमची कोण सांगणार? ज्यांना एकदा भविष्य खरं ठरलेलं आठवतं अशा मोठ्या माणसांसाठीही हा खेळ आहे. पालकसभेत करा.

खऱ्या नंदीबैलाबद्दलही मुलांशी आदरानं बोला. तो बैल मान हलवतो ती मालकाच्या इशाऱ्यावर. ढोलकं, दोरी, आवाज, सगळं त्याला शिकवलेलं असतं, आणि मुक्या जनावराला इतकं शिकवणं ही मोठी कला आहे. तिथं उत्तर मालकाच्या हातात आहे, आपल्या खेळण्यात एका आकड्यात. प्रश्न दोघांनाही कळत नाही.

आता एक प्रसंग, ज्यामुळे माझा एक नियम ठरला. एका कार्यशाळेत सगळी मुलं हसतखेळत विचारत होती. एका मुलीनं बोर्ड दोन्ही हातांत धरला आणि कुणाला ऐकू जाणार नाही असं काहीतरी पुटपुटली. नंदीनं मान डावीउजवीकडं केली. तिचा चेहरा उतरला. मागाहून कळलं, तिनं विचारलं होतं, आबा दवाखान्यातून घरी येतील का? मी तिला शेजारी बसवलं, प्रोग्रॅम उघडला, आकडा पडद्यावर सरकेल असा ब्लॉक लावला आणि तिलाच हलवायला दिलं. १४ आला. पुन्हा हलवलं, ३. पुन्हा, १९. ती बराच वेळ हलवत राहिली. मग म्हणाली, “ह्याला आबा माहीतच न्हाईत.” मी म्हटलं, बाळा, नाहीत. आजही ते आठवलं की गळा दाटतो.

तेव्हापासून माझ्या वर्गात नियम असा आहे: आज शाळा सुटायच्या आत खरं-खोटं कळेल असाच प्रश्न विचारायचा. आजारपण, मरण, लग्न, निकाल, घरातली भांडणं यातलं काही नाही. मुलं हा नियम पाळतात, कारण लगेच पडताळता येणारा प्रश्न विचारण्यात मजाही जास्त आहे. आणि कुणी नियम मोडून मनातलं विचारलंच, तर आकडा दाखवायचा तो ब्लॉक तयार ठेवा.

थोडं सामानाचं. सगळ्यात जास्त वेळ केबल खाते. मोबाईलच्या साध्या केबलींपैकी काही फक्त चार्जिंगच्या असतात, त्यातून माहिती जात नाही. बोर्डाचा दिवा लागतो पण संगणकावर तो पेनड्राइव्हसारखा दिसत नाही, आणि शिक्षक तासभर बोर्डालाच दोष देत बसतात. चालणाऱ्या केबलीला लाल धागा बांधून ठेवा. पाच बोर्डांत सगळा वर्ग बसवायचा तर मेककोडमध्येच पडद्यावर खोटा मायक्रोबिट मिळतो, त्याला हलवायचं बटणही आहे. प्रोग्रॅम तिथं तपासून मगच बोर्डावर चढवायचा.

हलवायचं खेळणं म्हटलं की वायरीच आधी तुटतात. रिमोटला लागतात तसल्या दोन बारीक सेलचा डबा बोर्डाच्या पाठीला रबरबँडनं घट्ट बांधा. लोंबता ठेवलात तर चार दिवसांत वायर मुळातून निघते. बेंदराच्या बाजारात मातीचे सुंदर बैल मिळतात, पण त्यात बोर्ड बसवू नका, पहिल्या झटक्याला शिंग जातं. पुठ्ठ्याचं तोंड कापा, जुन्या साडीच्या काठाची झूल करा, पडद्यापुरती खिडकी ठेवा. चकाकी हवी म्हणून स्वयंपाकघरातला ॲल्युमिनियमचा कागद मात्र लावू देऊ नका. बोर्डाच्या खालच्या कडेला तीन व्होल्ट आणि ग्राउंड हे दोन पट्टे शेजारी शेजारी आहेत. माझ्याकडं एकदा त्यावर तो कागद टेकला आणि सेल हाताला चटका बसेल इतके तापले. कडेला आधी चिकटपट्टी, मग सजावट.

पालकांना बोलवाल त्या दिवशी टेबलावर नंदीशेजारी संगणक उघडाच ठेवा, प्रोग्रॅम दिसत असू दे. ज्यांनी आक्षेप घेतला त्यांनाच पुढं बोलवा. आधी प्रश्न विचारू द्या. मग तुमच्या वर्गातल्या एखाद्या मुलीनं त्यांना १० चा आकडा दाखवावा आणि तिथं १८ लिहायला सांगावं. त्यांनी स्वतः बोर्डावर चढवावं आणि हलवून बघावं, नंदी आता कसा जवळजवळ प्रत्येकाला हो म्हणतो ते.